लाल-काळा-पांढरा साप दिसला तर: कॅलिफोर्निया माउंटन किंगस्नेक कसा ओळखायचा?

वसंत सुरू झाला, की कॅलिफोर्नियातल्या मराठी मंडळींच्या ट्रेकिंग ग्रुपवर एक फोटो हमखास येतो. पाइनच्या वाळक्या काड्यांवर लाल, काळ्या, पांढऱ्या पट्ट्यांचा, नुकतं पॉलिश केल्यासारखा चकाकणारा साप. त्याखाली प्रतिक्रियांची रांग लागते. कुणी म्हणतं हा विषारी कोरल स्नेक आहे, लांब राहा. कुणी इंग्रजीतलं ते लाल-पिवळ्याचं यमक (लाल पिवळ्याला भिडलं तर विषारी, लाल काळ्याला भिडलं तर बिनविषारी) टाकतं, आणि तेही बहुतेक वेळा उलटसुलट करून. एखादे काका पुण्याहून विचारतात, "मण्यार नाही ना रे?"

तो साप जवळजवळ नेहमी कॅलिफोर्निया माउंटन किंगस्नेक असतो. शास्त्रीय नाव लॅम्प्रोपेल्टिस झोनाटा. पूर्णपणे बिनविषारी, स्वभावाने बुजरा. तो ओळखायला अवघड नाही, फक्त क्रम चुकवायचा नाही. लोक आधी रंग बघतात. आधी नकाशा बघा.

पायरी १: तुम्ही उभे कुठे आहात?

कॅलिफोर्नियात जंगली कोरल स्नेक नाही. त्याची सगळ्यात जवळची जात, सोनोरन कोरल स्नेक, राहते अ‍ॅरिझोना, न्यू मेक्सिकोचा नैर्ऋत्य कोपरा आणि मेक्सिकोत. माणसाच्या जिवावर बेतेल असं विष असलेले कॅलिफोर्नियातले जमिनीवरचे साप म्हणजे फक्त रॅटलस्नेक (शेपटीने खुळखुळ्यासारखा आवाज करणारे), आणि त्यांच्या अंगावर लाल-काळे-पांढरे आडवे पट्टे नसतात. म्हणजे योसेमिटीत, सांताक्रूझच्या डोंगरांत किंवा सॅन डिएगोजवळच्या पालोमारवर असा तिरंगी साप दिसला, तर धोक्याचा प्रश्न तिथेच संपतो. पुढचं सगळं फक्त जात ठरवण्यापुरतं.

माउंटन किंगस्नेकचा मुलूख लांबट आहे. कोलंबिया नदीच्या खोऱ्यालगत वॉशिंग्टन राज्याच्या दक्षिण टोकाला त्याचा एक सुटा पडलेला ठिपका आहे. मग ऑरेगॉनचा नैर्ऋत्य भाग, तिथून कॅलिफोर्नियाच्या डोंगररांगा आणि शेवटी मेक्सिकोतला उत्तर बाहा कॅलिफोर्निया. मधल्या सेंट्रल व्हॅलीच्या सपाट शेतजमिनीत तो नाही, पूर्वेच्या वाळवंटातही नाही. फ्रेस्नोच्या बागेत किंवा मोहावीच्या वाळूत लाल पट्ट्यांचा साप दिसला, तर दुसरं काहीतरी आहे असं धरून चाला.

२०१३मध्ये डीएनएच्या आधारे याच्या दोन जाती मांडल्या गेल्या: उत्तरेकडची आणि सिएरा नेवाडातली झोनाटा, आणि दक्षिणेकडची मल्टीफॅसियाटा. त्याआधी एकाच जातीच्या सात उपजाती मानत. या विभागणीवर सगळ्यांचं एकमत नाही. डोंगरात उभं राहून साप ओळखणाऱ्याने त्या वादात पडायचं कारण नाही, म्हणून इथे दोन्ही एकत्रच घेतो.

आता एक गोष्ट आपल्याकडच्या वाचकांसाठी. हा नियम विमानात घालून कोकणात किंवा गोव्यात नेऊ नका. पट्ट्यांवरून केलेली ओळख ज्या प्रदेशात ठरवली, तिथेच चालते. आपल्याकडचा पट्टेरी साप म्हणजे काळ्यावर पांढऱ्या बारीक पट्ट्यांची मण्यार, अत्यंत विषारी. आणि तिच्यासारखा दिसणारा कवड्या बिनविषारी. मण्यारीचे पट्टे शेपटीकडे ठळक होत जातात आणि मानेकडे विरळ होतात; कवड्याचे मानेपासून सुरू होतात आणि शेपटीकडे पुसट होतात. आपल्या पोवळ्या सापाला तर लाल-पिवळे पट्टेच नाहीत. तो दोरीसारखा बारीक, तपकिरी अंगाचा, काळ्या डोक्याचा असतो. अमेरिकेतलं यमक त्याच्यापुढे काहीच कामाचं नाही. भारतात शंका आली, की लांब उभं राहून सर्पमित्राला बोलवायचं, एवढंच.

पायरी २: पट्ट्यांचा क्रम वाचा

एक लाल पट्टा निवडा आणि त्याच्या दोन्ही कडा बघा. माउंटन किंगस्नेकच्या लाल पट्ट्याला दोन्ही बाजूंनी काळा पट्टा असतो, आणि काळ्यापलीकडे पांढरा. लाल, काळा, पांढरा, काळा, पुन्हा लाल, असा क्रम. लाल आणि पांढरा एकमेकांना भिडत नाहीत. काळा-लाल-काळा हा एक संच धरून अभ्यासक असे संच मोजतात. एका सापाच्या अंगावर ते साधारण २५ ते ५५ भरतात. तुमच्या फोटोत साप पूर्ण आला असेल तर मोजून ठेवा, सॅन बर्नार्डिनो आणि सॅन डिएगो भागातले साप वेगळे करताना हा आकडा उपयोगी पडतो. सॅन डिएगोकडच्या सापांत संच कमी असतात, बहुधा ३७च्या आत.

पुस्तकातल्या चित्रासारखा साप मात्र दर वेळी भेटत नाही. सिएरा नेवाडातल्या अनेक सापांत काळा रंग पाठीवर पसरतो आणि लाल पट्टा मधोमध तुटतो. वरून बघितलं तर लाल फक्त दोन्ही कुशींवर पाचरीसारखं उरलेलं दिसतं. काहींत तेही जेमतेम. बाहा कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यासमोरच्या तोदोस सांतोस बेटावरच्या सापांत लाल रंग जवळपास नाहीसाच झाला आहे. म्हणून लाल कमी दिसतं म्हणून ही जात लगेच बाद करू नका. वरून बघून झालं की बाजूने बघा.

पांढरा रंगही नेहमी शुभ्र नसतो. कधी साईसारखा, कधी किंचित पिवळट. कात टाकायच्या आधी सगळेच रंग मळकट होतात आणि डोळ्यांवर निळसर साय येते. असा साप फोटोत अगदी वेगळाच वाटतो. कात टाकून झाल्यावर तोच साप उन्हात बघा, लाल इतकं भडक दिसतं की फोटो एडिट केलाय असा आरोप होतो.

पोट बघायला मिळालं तर, म्हणजे साप स्वतःहून ओंडक्यावर चढताना वगैरे दिसलं तर, पट्टे खालीही गेलेले दिसतात. मात्र तिथे त्यांची शिस्त मोडते आणि काळे डाग कसेही पसरतात. पोट बघायला म्हणून साप उचलू नका.

पायरी ३: डोकं

इथे घाई होते, म्हणून सावकाश. तोंडाचं टोक काळं, आणि तो काळा रंग डोळ्यांच्या मागेपर्यंत जातो. त्यानंतर डोक्याच्या मागच्या भागावर पहिला पांढरा पट्टा. दक्षिण-मध्य किनाऱ्याकडच्या सापांत या काळ्या टोकावर लाल डाग असतात, ते दिसले तर गोंधळू नका.

पहिल्या पांढऱ्या पट्ट्याची मागची कड कुठे संपते ते तोंडाच्या कोपऱ्याच्या संदर्भात बघा. उत्तरेकडच्या आणि सिएरातल्या सापांत ती कड तोंडाच्या कोपऱ्याच्या मागे जाते. सॅन बर्नार्डिनो, सॅन डिएगोकडे ती वरच्या ओठाच्या शेवटच्या खवल्यावर किंवा त्याच्या पुढेच थांबते. फोनवरून झूम करून हे बघता येतं, पण त्यासाठी डोक्याचा बाजूने घेतलेला फोटो हवा. वरून घेतलेले पन्नास फोटो असले तरी त्यांतून हे कळत नाही.

बाकी डोकं मानेपेक्षा किंचितच रुंद, बाहुली गोल, खवले गुळगुळीत. लांबी बहुधा अर्धा ते एक मीटर. अंड्यातून नुकतं बाहेर आलेलं पिल्लू वीतभर किंवा त्याहून थोडं जास्त, आणि रंगाने मोठ्यांसारखंच.

पायरी ४: फसवणारे भाऊबंद

सगळ्यात जास्त फसवतो तो लाँग-नोज्ड स्नेक, लांब नाकाचा. त्याच्या अंगावरही लाल, काळा आणि फिकट रंग आहे. पण जवळून बघितलं की फरक कळतो: कुशीवरच्या काळ्या भागात पांढरे शिंतोडे असतात, चुना उडाल्यासारखे, आणि एकूण नक्षी कड्यांसारखी न दिसता ठिपक्याठिपक्यांची दिसते. नाक टोकदार, पुढे आलेलं. पोट बहुधा फिकट आणि कोरं. तो सपाट, कोरड्या, झुडपी भागात आणि रात्री जास्त दिसतो. जंगलातल्या ओढ्याकाठी दुपारी चारला दिसलेला साप हा असण्याची शक्यता कमी.

कॅलिफोर्निया किंगस्नेक याचा जवळचा नातलग. काळा किंवा तपकिरी, त्यावर पांढरे-पिवळट पट्टे, लाल अजिबात नाही. सिएरातला लाल जवळपास नसलेला माउंटन किंगस्नेक आणि हा यांत मात्र खरोखर गोंधळ होतो. अशा वेळी पाठ सोडून कुशी तपासा, एखाद्या काळ्या पट्ट्यात लालसर पाचर बहुधा सापडते. वाळवंटातला शोव्हल-नोज्ड स्नेक छोटा, चपट्या फावड्यासारख्या नाकाचा; त्याचा मुलूखच वेगळा.

सॅन फ्रान्सिस्कोच्या आसपासच्या बे एरियात आणखी एक घोळ नेहमी होतो. लाल दिसलं की किंगस्नेक म्हणून मोकळे होतात, पण तिथल्या तळ्याकाठच्या गार्टर सापांच्या अंगावरही झकास लाल असतं. फरक सोपा आहे. गार्टरच्या रेघा डोक्याकडून शेपटीकडे उभ्या धावतात, किंगस्नेकचे पट्टे आडवे. त्यातला सॅन फ्रान्सिस्को गार्टर स्नेक अतिशय दुर्मिळ आणि कायद्याने संरक्षित आहे, त्यामुळे तो दिसला तर तुमचं नशीब किंगस्नेक दिसण्यापेक्षाही मोठं.

आता अ‍ॅरिझोना. ग्रँड कॅन्यनला जाणारे, टूसॉनला मुलं शिकायला असलेले, यांनी हा परिच्छेद वगळू नये. तिथे दोन प्रकारचे माउंटन किंगस्नेक आहेत. मध्य अ‍ॅरिझोनातले ते पायरोमेलाना; आणि दक्षिणेकडचे, चिरिकाहुआ आणि हुआचुका डोंगरांतले, २०११पासून नोब्लोची या वेगळ्या नावाने ओळखले जातात. दोघांचंही तोंडाचं टोक फिकट, पांढरट. आणि त्याच राज्यात खरा विषारी कोरल स्नेकही आहे, ज्याचं टोक काळं आहे. म्हणजे कॅलिफोर्नियात काळं तोंड ही निर्धास्त खूण, तर अ‍ॅरिझोनात तीच धोक्याची. तिथे यमकाचा खरा उपयोग होतो: सोनोरन कोरल स्नेकचे लाल पट्टे थेट फिकट पिवळ्या-पांढऱ्या पट्ट्याला चिकटलेले असतात, मध्ये काळा नसतो. तो बारीक आणि लहान असतो, बहुधा अर्ध्या मीटरच्या आत, आणि खालच्या, दगडाळ वाळवंटी उतारांवर राहतो. तरीही रंगात विकृती असलेले साप सगळ्या जातींत निघतात, त्यामुळे अ‍ॅरिझोनात यमकाच्या भरवशावर हात पुढे करू नये.

पायरी ५: कुठे आणि कधी दिसतो

माउंटन किंगस्नेक या नावामुळे लोक बर्फाच्या शिखरांवर शोधतात. तो खरं तर किनाऱ्याजवळच्या कमी उंचीच्या दऱ्यांपासून अडीच हजार मीटरच्या आसपासच्या जंगलांपर्यंत कुठेही राहतो. त्याला हव्यात तीन गोष्टी: दगडांच्या चिरा किंवा कुजलेले ओंडके, थोडा ओलावा आणि ऊन पडणारी मोकळी जागा. ओक आणि पाइनची मिश्र रानं, मॅन्झानिटाची झुडपं, ओढ्यालगतच्या दरडी ही त्याची आवडती ठिकाणं. ग्रॅनाइटचे पापुद्रे सुटून जिथे अरुंद खाचा तयार होतात, तिथे तो हमखास असतो, फक्त दिसत नाही.

मार्चच्या मध्यापासून ऑक्टोबरपर्यंत तो हालचाल करतो. उंचावर हा काळ आखूड होतो. वसंतात, हवा आल्हाददायक असताना, तो दिवसा फिरतो. जुलै-ऑगस्टच्या काहिलीत सकाळ-संध्याकाळ आणि उबदार रात्री. सबंध उन्हाळा ट्रेक करून एकही न दिसणं अगदी सामान्य आहे, कारण त्याचा बराचसा वेळ जमिनीखाली किंवा खडकात जातो.

शोधायचा असेल तर चाल कमी करा. बहुतेक लोकांना तो पायवाट ओलांडतानाच दिसतो. तो घाईत नसतो. जीभ लपलपवत एखाद्या खडकाच्या कडेने सरकतो, चीर सापडली की डोकं आत घालून क्षणभर थांबतो, आणि मग एकेक पट्टा आत शिरत जातो. पट्टे जलद सरकताना नजर फसते. साप थांबलाय की चाललाय हे काही क्षण कळत नाही. काही अभ्यासक या पट्ट्यांचा एक उपयोग हाच मानतात, की शिकाऱ्याला पळणारा साप नीट दिसत नाही. कोरल स्नेकची नक्कल हे दुसरं स्पष्टीकरण. पण जिथे कोरल स्नेक आता नाहीच, तिथे नकलेचा फायदा कसा होतो, हा प्रश्न त्यात उरतोच.

दगड उलटे करत फिरू नका. राष्ट्रीय उद्यानांत वन्यजीवांना असा त्रास द्यायला बंदी आहे. शिवाय दक्षिण कॅलिफोर्नियात साप पकडून विकणाऱ्यांनी पहारी लावून ग्रॅनाइटचे पापुद्रे उखडले आहेत. अशी तुटलेली चीर पुन्हा तयार व्हायला माणसाच्या कित्येक पिढ्या जातील. साप पुन्हा जन्माला येईल, खडक नाही. परवानगी असलेल्या जागी एखादा ओंडका उचलायचाच असेल, तर त्याची पलीकडची कड उचलून आपल्याकडे कलवा, म्हणजे खाली रॅटलस्नेक असला तरी ओंडका तुमच्या आणि त्याच्या मध्ये राहील. मग जसा होता तसाच, हलक्या हाताने, परत ठेवा.

पायरी ६: हा खातो काय, जगतो कसा

मुख्य खाद्य सरडे आणि सापसुरळ्या. कुंपणावर, खडकावर ऊन खात जोर काढल्यासारखा वरखाली होणारा जो निळ्या पोटाचा सरडा कॅलिफोर्नियात सगळीकडे दिसतो, तो याचं ठरलेलं जेवण. त्याखेरीज पक्ष्यांची पिल्लं आणि अंडी, छोटे उंदीर, कधी दुसरे साप. भक्ष्याभोवती वेटोळी आवळून मारतो.

किंगस्नेक रॅटलस्नेक खातात हे खरं आहे. या कुळातल्या अनेक जातींवर रॅटलस्नेकच्या विषाचा फारसा परिणाम होत नाही, आणि किंगस्नेकचा वास आला की रॅटलस्नेक दंश करायचं सोडून अंगाचा मधला भाग कमानीसारखा वर उचलून मार अडवतो. पण हे काम मुख्यतः मोठ्या किंगस्नेकचं. माउंटन किंगस्नेक अंगाने लहान, त्याचा भर सरड्यांवर. आवारातले रॅटलस्नेक हा संपवेल या आशेवर राहू नका. आपल्या नागराजाशीही याचं नातं नाही. दुसरे साप खाणं एवढीच सवय सारखी.

मादी उन्हाळ्यात अंडी घालते, एका वेळी दहाच्या आत. सुमारे दोन महिन्यांनी पिल्लं बाहेर येतात आणि पहिल्या दिवसापासून स्वतःचं स्वतः बघतात.

पायरी ७: समोर आला तर

दोन-तीन मीटर अंतर ठेवा आणि त्याला वाट द्या. कुत्रा सोबत असेल तर पट्टा आवळा. लहान मुलं असतील तर खाली बसून दाखवा, पळापळ कमी होते.

साप उचलला तर तो दुर्गंधी द्रव सोडतो आणि कधी चावतोही. त्यात विष नाही. बारीक ओरखड्यासारखी जखम होते. साबण-पाण्याने धुवा, धनुर्वाताची लस कधी घेतली होती ते तपासा. उचलायचं मात्र कारणच नाही.

चावणारा साप नेमका कोणता हे कळलं नसेल, किंवा तो रॅटलस्नेक असेल, तर वेगळी गोष्ट. लांब व्हा, अंगठ्या-घड्याळ काढा, ९११ला फोन करा. जखम कापणं, चोखणं, घट्ट बांधणं, बर्फ लावणं यातलं काहीही करू नका. अमेरिकेत पॉयझन कंट्रोलचा क्रमांक १-८००-२२२-१२२२, तो फोनमध्ये साठवून ठेवा. नवजात रॅटलस्नेकच्या शेपटीला एकच खवला असतो, तो वाजत नाही. म्हणून आवाज आला नाही हा पुरावा धरू नका.

गराजमध्ये किंवा अंगणात माउंटन किंगस्नेक आला, तर दार उघडं ठेवून थोडा वेळ द्या. गेला नाही तर लांब दांड्याच्या झाडूने हलकेच बादलीत सरकवून आवाराच्या कडेला, जवळच्याच दगडांशी सोडा. मैलोन्‌मैल लांब नेऊन सोडलेल्या सापाला तिथली बिळं, चिरा माहीत नसतात आणि तो बहुधा टिकत नाही.

पायरी ८: फोटो आणि ठिकाण

ओळख पक्की करायला तीन फोटो पुरतात: पूर्ण अंग वरून, एक बाजूने आणि डोकं बाजूने. झूम वापरा, जवळ जाऊ नका. फ्लॅश नको. आयनॅचरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर टाकला तर जाणकार नाव सांगतात आणि नोंदही राहते.

तिथे टाकताना ठिकाणाच्या गोपनीयतेच्या सेटिंगमध्ये जागा अस्पष्ट ठेवण्याचा पर्याय निवडा, म्हणजे नकाशावर नेमका बिंदू दिसत नाही, फक्त ढोबळ चौकोन दिसतो. साप पकडून विकणारे अशाच नोंदी चाळत असतात, आणि या सापाला बाजारात मागणी आहे. कॅलिफोर्नियात रानातला साप पकडायला परवाना लागतो, आणि दक्षिणेकडच्या सापांवर निर्बंध आणखी कडक आहेत. ग्रुपवर फोटो पाठवताना मूळ फाइलमध्ये जीपीएसचा पत्ता चिकटलेला असतो. फोनच्या शेअर मेनूमध्ये लोकेशन बंद करा, किंवा सरळ स्क्रीनशॉट घेऊन पाठवा. पायवाटेचं नाव, पार्किंग, "दुसऱ्या वळणावरचा मोठा खडक" असं काही लिहू नका. कुणी विचारलंच, तर तालुक्याएवढं मोघम ठिकाण सांगा.